परिवीक्षेचा इतिहास : आधाराकडून पहाऱ्याकडे

गुन्हा शाबित झालेल्या व्यक्तीस तुरुंगात न पाठविता, काही अटींवर व देखरेखीखाली समाजातच राहू देण्याच्या पद्धतीस परिवीक्षा किंवा प्रोबेशन असे म्हणतात. तुरुंगवासाला जे पर्याय जगात पुढे आले, त्यांत ही पद्धत बरीच जुनी व प्रचलित आहे. तिचा इतिहास पाहिला असता एक प्रश्न वारंवार पुढे येतो. अपराध्यावर नजर ठेवावयाची की त्याला हात द्यावयाचा?

या पद्धतीचा आरंभ अमेरिकेतील बॉस्टन शहरात झाला. जॉन ऑगस्टस हा जोडे तयार करणारा कारागीर. १८४१ मध्ये त्याने दारूच्या आरोपाखाली पोलीस न्यायालयात उभ्या असलेल्या एका माणसाला जामीन राहून सोडविले. त्या माणसाने दारू सोडण्याची प्रतिज्ञा केली. तीन आठवड्यांनंतर त्याच्यातील बदल पाहून न्यायाधीशांनी केवळ एक सेंट दंड व न्यायालयाचा खर्च एवढीच शिक्षा दिली. १८५९ मध्ये मृत्यू येईपर्यंत ऑगस्टसने सुमारे दोन हजार स्त्री-पुरुषांची अशी हमी घेतली. आरोपीची आधी चौकशी करणे, त्याला निवारा व काम मिळवून देणे आणि न्यायालयाला त्याच्या वागणुकीची माहिती देणे, ही त्याची रीत होती. १८७८ मध्ये मॅसॅच्युसेट्स राज्याने कायदा करून बॉस्टनसाठी पगारी परिवीक्षा अधिकाऱ्याची तरतूद केली. इंग्लंडच्या १९०७ च्या कायद्याने तर सल्ला देणे, साहाय्य करणे व मित्रत्वाने वागणे हे अधिकाऱ्याचे कर्तव्यच ठरविले.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात हे चित्र पालटले. १९७४ मध्ये रॉबर्ट मार्टिन्सन यांच्या लेखाने अपराधी सुधारण्याच्या कार्यक्रमांच्या परिणामकारकतेवर मोठे प्रश्नचिन्ह उभे केले. दुसरीकडे शिक्षा कडक होत गेल्या व तुरुंग भरू लागले. अमेरिकेच्या राज्य व संघीय तुरुंगांत १९८० मध्ये सव्वातीन लाखांच्या आसपास कैदी होते. १९९० मध्ये ही संख्या सात लाखांवर गेली. नवे तुरुंग बांधणे खर्चाचे आणि सौम्य परिवीक्षा लोकांना अमान्य, अशा पेचातून सघन परिवीक्षेची कल्पना पुढे आली.

१९८२ मध्ये जॉर्जिया राज्याने सुरू केलेली योजना या प्रकारचा नमुना मानली गेली. पंचवीस अपराध्यांमागे दोन अधिकारी असत. एक मार्गदर्शनासाठी व दुसरा केवळ पाळतीसाठी. आठवड्यातून पाच वेळा प्रत्यक्ष भेट, रात्री घराबाहेर पडण्यास बंदी, नोकरीची सक्ती, एकूण १३२ तासांची समाजसेवा आणि अंमली पदार्थांची तपासणी अशा अटी होत्या. १९८७ च्या मूल्यमापनात या योजनेमुळे तुरुंगाचा खर्च वाचल्याचा निष्कर्ष काढण्यात आला आणि १९९० पर्यंत अमेरिकेच्या प्रत्येक राज्यात या ना त्या स्वरूपात अशी योजना आली.

मात्र जोन पीटरसिलिया व सुझन टर्नर यांनी रँड संस्थेतर्फे चौदा ठिकाणी केलेल्या अभ्यासाने वेगळेच वास्तव दाखविले. सुमारे दोन हजार अपराध्यांची सघन व नेहमीच्या देखरेखीत चिठ्ठ्या टाकाव्यात तशी विभागणी करण्यात आली होती. १९९३ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले. एका वर्षात सघन गटातील ३७ टक्के, तर दुसऱ्या गटातील ३३ टक्के लोकांना पुन्हा अटक झाली. अटींच्या भंगाचे प्रमाण मात्र अनुक्रमे ६५ व ३८ टक्के होते. पहारा वाढला म्हणून गुन्हे घटले नाहीत. लहानसहान चुका तेवढ्या अधिक सापडल्या आणि त्यांपायी अनेकांची तुरुंगात रवानगी झाली. तुरुंगावरील भार हलका करण्यासाठी काढलेली वाट अशा रीतीने पुन्हा तुरुंगाच्याच दारी पोचली. याच अभ्यासात एक आशादायक बाबही आढळली. देखरेखीबरोबरच व्यसनमुक्तीसारखे उपचार घेणाऱ्यांत पुन्हा अटक होण्याचे प्रमाण १० ते २० टक्क्यांनी कमी होते. ऑगस्टसच्या रीतीतील मर्म येथे नव्याने प्रत्ययास आले.

भारतात १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ५६२ मध्ये या विचाराचे बीज आढळते. मुंबई प्रांताने १९३८ मध्ये स्वतंत्र कायदा केला व १९५८ मध्ये केंद्रीय अपराधी परिवीक्षा अधिनियम आला. एकवीस वर्षांखालील अपराध्यास शक्यतो तुरुंगात पाठवू नये आणि पाठविल्यास कारणे नोंदवावीत, असे त्याचे कलम ६ सांगते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेने किरकोळ चोरी, दारूच्या नशेत सार्वजनिक ठिकाणी गैरवर्तन अशा सहा गुन्ह्यांसाठी समाजसेवा ही शिक्षा प्रथमच घातली. तथापि किती तास, कोणते काम व कोणाच्या देखरेखीखाली, हे संहितेत सांगितलेले नाही. शिवाय २०२२ अखेर भारतातील कैद्यांपैकी सुमारे तीन चतुर्थांश कच्चे कैदी होते. दोषी ठरल्यानंतरच लागू होणारे हे उपाय त्यांच्यापर्यंत पोचत नाहीत.

म्हणूनच नवे नियम करताना अटींची यादी वाढविण्याआधी परिवीक्षा अधिकाऱ्याकडे किती माणसे सोपविली जातात आणि त्यांना काम, निवारा व उपचार मिळवून देण्याची साधने त्याच्या हाती आहेत काय, हे पाहणे अगत्याचे आहे. जॉर्जियाने पंचवीस माणसांमागे दोन अधिकारी दिले होते. तरीही नुसती पाळत अपुरी पडली, हे विसरून चालणार नाही.