दडवलेला शेवट आणि त्याचा वाचक

कथेचा शेवट कोणाचा, हा प्रश्न साहित्यविचारात फारसा विचारला जात नाही. तो लेखकाचा, हे आपण गृहीतच धरलेले असते. डिकन्सने 'ग्रेट एक्स्पेक्टेशन्स'चा मूळ शेवट मित्राच्या सल्ल्यावरून बदलला आणि १८६१ साली वाचकांच्या हाती पडला तो बदललेला शेवट. आधीचा शेवट उजेडात आला तो लेखकाच्या मृत्यूनंतर, फॉर्स्टरने लिहिलेल्या चरित्रातून. दोहोंपैकी सरस कोणता, हा वाद तेव्हापासून चालू आहे. पण त्या वादात वाचकाला बाजू घेता येते ती कादंबरी वाचून झाल्यावरच. पिपची गोष्ट कंटाळत वाचा की जीव लावून वाचा, शेवटचे पान तेच राहते.

कथाप्रधान व्हिडिओ गेम या प्रकारात मात्र शेवट वाचणाऱ्याच्या वर्तनावर अवलंबून राहू लागला. तेथे सगळे शेवट तबकडीवर आधीच नोंदलेले असतात आणि तरीही त्यांतील काही बहुतेकांच्या दृष्टीस कधीच पडत नाहीत. हा प्रकार साहित्यात मोडतो की नाही, या चर्चेत आम्ही येथे शिरत नाही. तिचा निकाल लागेपर्यंत थांबायचे, तर कथनशास्त्राच्या अभ्यासकाला एका विलक्षण प्रयोगाचा इतिहास हातचा घालवावा लागेल. शेवट दडवण्याच्या जागा कशा बदलत गेल्या, एवढेच आम्हांला पाहायचे आहे. आमच्या मते त्या बदलातच या कथाप्रकाराचे वयात येणे दिसते.

आरंभी दडवले गेले ते लेखकाचे नाव. अटारी कंपनीसाठी वॉरन रॉबिनेट याने 'अ‍ॅडव्हेंचर' हा खेळ एकट्याने रचला. अटारी त्या काळी खेळांवर रचनाकारांची नावे छापत नसे. याच नाराजीतून काही जण बाहेर पडले आणि १९७९ साली त्यांनी 'अ‍ॅक्टिव्हिजन' ही कंपनी काढली. रॉबिनेटने दुसरी वाट धरली. काळ्या किल्ल्यातील चक्रव्यूहात त्याने एक राखाडी ठिपका ठेवला, पार्श्वभूमीच्याच रंगाचा, त्यामुळे डोळ्यांना न जाणवणारा. तो उचलून ठरावीक ठिकाणी नेला की एरवी अडवणारी भिंत ओलांडता येई, आणि पलीकडच्या खोलीत रॉबिनेटचे नाव रंग बदलत झळकत असे. वरिष्ठांना त्याने यातले काही सांगितले नव्हते. तो नोकरी सोडून गेला, खेळ घरोघरी पोचला, आणि सॉल्ट लेक सिटीतील एका मुलाने पत्र लिहून ही खोली सापडल्याचे कळवले तेव्हा कुठे कंपनीला पत्ता लागला. खोली काढून टाकायची तर नव्याने चिप घडवण्याचा खर्च होता. शिवाय स्टीव्ह राइट या अधिकाऱ्याला ती कल्पनाच आवडली. ईस्टरच्या सणाला मुलांनी शोधावीत म्हणून लपवतात त्या रंगीत अंड्यांवरून त्याने अशा गोष्टींना 'ईस्टर एग' हे नाव दिले आणि ते रूढ झाले. (रॉबिनेट पहिलाच होता असेही नाही. अटारीच्याच १९७७ सालच्या 'स्टारशिप १' या यंत्रात रॉन मिल्नर याने आपले नाव दडवले होते. ते जगापुढे आले थेट २०१७ साली.)

मराठी वाचकाला येथे अभंगाच्या अखेरीस येणारी नाममुद्रा आठवल्यावाचून राहणार नाही. 'तुका म्हणे' ही मुद्रा उघड असते. अभंग गाणारा प्रत्येक जण ती उच्चारतो आणि तिच्यासह रचना पुढे नेतो. रॉबिनेटची मुद्रा चोरून कोरलेली आहे आणि जो भिंती चाचपून पाहील त्यालाच ती वाचता येते. कथेशी तिचा संबंध नाही. शोधणाऱ्याच्या पदरी पडते ती एवढीच जाणीव, की हे कोणीतरी माणसाने केलेले आहे.

नाण्यांवर चालणाऱ्या यंत्रांच्या काळात शेवटाची किल्ली कौशल्याकडे आणि खिशाकडे गेली. कॅपकॉमच्या 'घोस्ट्स अँड गॉब्लिन्स' (१९८५) मध्ये जिवापाड झगडून शेवटास पोचलेल्या खेळाडूला सांगितले जाते की हा सैतानाने रचलेला सापळा होता, आता पुन्हा पहिल्यापासून. टायटोच्या 'बबल बॉबल' (१९८६) मध्ये एकट्याने शेवट गाठला तर तो खरा नाही, मित्राला घेऊन ये, असे बजावले जाते. यातला व्यापारी डाव उघडच आहे. तरी 'हा शेवट खरा नाही' हे वाक्य कथेनेच उच्चारावे, ही घटना लहान नाही. पुढे जे घडले त्याचे बीज या वाक्यात आहे.

घरच्या यंत्रांवर खेळाची प्रगती जतन करून ठेवण्याची सोय झाली, तशी कथा लांबली आणि तिच्यात खोल्या काढायला जागाही झाली. स्क्वेअरच्या 'क्रोनो ट्रिगर'ने (१९९५) एकदा संपलेली कथा मिळवलेल्या बळासह पुन्हा सुरू करण्याची मुभा दिली. जगाचा नाश करणाऱ्या लाव्होसला कथेच्या कोणत्या टप्प्यावर हरवले, यावर शेवट ठरतो. असे दहाहून अधिक शेवट आहेत. त्यांतील एकात, अगदी आरंभीच विजय मिळवणाऱ्याला, खेळाचे निर्मातेच पात्रे होऊन भेटतात. म्हणजे रॉबिनेटची खोली आता राजरोस शेवटांच्या यादीत आली. आम्हांला मात्र अधिक मोलाची वाटते ती दुसरी गोष्ट. या कथेत नायक क्रोनो मध्येच मरतो आणि त्याला परत आणणे ऐच्छिक आहे. नायक मेलेलाच ठेवून कथा पूर्ण करता येते. त्याच्या पुनरुज्जीवनाचा प्रसंग, जो दुसऱ्या कोणत्याही माध्यमात कथेचा कणा ठरला असता, तो येथे वाटेवरून थोडे बाजूला गेल्यावर सापडतो.

कोनामीच्या 'कॅसलव्हेनिया: सिम्फनी ऑफ द नाइट'ने (१९९७) तर अर्धी कथाच दडवली. ड्रॅक्युलाचा मुलगा अलुकार्ड वाड्यात शिरतो आणि वाड्याचा स्वामी होऊन बसलेल्या रिश्टर बेलमाँटला मारतो. कथा संपते, नामावली येते, आणि अनेकांनी यंत्र बंदही केले असेल. पण रिश्टर हा एके काळचा नायक. तो असा का बिघडला, हा प्रश्न ज्याला सतावतो तो मागे फिरतो. दोन अंगठ्या एकदम घालून घड्याळाच्या दालनात उभे राहिले की जमीन उघडते. खाली मारिया एक चष्मा देते. तो लावून रिश्टरसमोर गेले की त्याच्या डोक्यावर तरंगणारा, त्याला नाचवणारा गोळा दिसतो. वार त्या गोळ्यावर केला तरच आकाशात वाड्याची उलटी प्रतिकृती प्रकटते आणि उरलेला अर्धा खेळ सुरू होतो. येथे कुलूप कौशल्याचे नाही. समोर आलेला शेवट पात्राच्या स्वभावाशी जुळत नाही, हे ओळखणारा वाचक हीच त्याची किल्ली. वर्गात 'लेखक सांगतो त्यावर लगेच विश्वास ठेवू नका' असे आपण शिकवतो. हा खेळ त्या उपदेशाची परीक्षा घेतो आणि नापास झालेल्याला तसे कळवतही नाही.

यानंतर आले ते या इतिहासातले आमच्या दृष्टीने सर्वांत गंभीर पाऊल. कोनामीचा 'सायलेंट हिल २' सप्टेंबर २००१ मध्ये प्रसिद्ध झाला. कथा हिरोयुकी ओवाकू यांची. जेम्स संडरलँड याला पत्नीचे पत्र येते. ती आजाराने तीन वर्षांपूर्वी वारली आहे, आणि पत्रात ती त्याला सायलेंट हिल या गावी बोलावते आहे. धुक्यात बुडालेल्या त्या गावात त्याला मारिया भेटते, मृत मेरीसारखी दिसणारी पण तिच्याहून मोकळी, उत्तान. अँजेला नावाची मुलगी स्वतःसाठी बाळगलेला चाकू त्याच्या हाती सोपवते. कथेच्या अखेरीस जे कळते ते भयंकर आहे: मेरीला तिच्या आजारपणात जेम्सनेच मारले.

आता शेवट. एका शेवटात तो लॉरा या लहान मुलीसह गाव सोडून जातो. दुसऱ्यात तो मारियाला घेऊन निघतो आणि तिला खोकला येतो. तिसऱ्यात तो गाडीसह तळ्यात शिरतो. यांतील निवड खेळाडूला कधीही विचारली जात नाही. कोठेही 'अ की ब' असा प्रश्न येत नाही. कथा केवळ पाहत राहते. तुम्ही जखमी जेम्सवर वेळीच उपचार केलेत, की तो तसाच रक्तबंबाळ फिरत राहिला? झोळीतले मेरीचे छायाचित्र आणि पत्र पुन्हा पाहिलेत का? की अँजेलाचा चाकू काढून न्याहाळलात? मारियाजवळ राहिलात, तिला रुग्णालयाच्या खोलीत ठेवल्यावर पुन्हा डोकावलात? या क्षुल्लक वाटणाऱ्या कृतींची मनातल्या मनात नोंद होते आणि अखेरीस तिच्यावरून जेम्सचे काय होणार ते ठरते.

चाकूचा तपशील पुन्हा पाहावा. खेळात त्या चाकूचा शस्त्र म्हणून काहीच उपयोग नाही. तो उघडून पाहण्याला एकच कारण असू शकते, पाहावेसे वाटणे. कथा या पाहण्याचा अर्थ लावते: हा माणूस मरणाचा विचार करतो आहे. खेळाडू तर नुसते कुतूहलाने पाहत असेल! पण जेम्सच्या मनात डोकावण्याची दुसरी कोणतीही फट कथेने ठेवलेली नाही. खेळाडूची बोटे हेच त्याचे अंतर्मन. संज्ञाप्रवाही कादंबरी पात्राच्या मनातले शब्द आपल्यापुढे मांडते. येथे पात्राचे मन आपल्याच अनवधानातून घडते आणि शेवट पाहताना आपल्याला परके वाटते. वाचक संहिता वाचतो, याचा उलटा प्रवाह इतक्या शांतपणे योजलेला आम्हांला दुसरीकडे आढळलेला नाही.

या खेळाच्या निर्मात्यांना विनोदाचेही वावडे नव्हते. सगळे पाहून झालेल्या चिकाटीच्या खेळाडूला एक किल्ली मिळते, तिने हॉटेलातील एक खोली उघडते, आणि आत एक कुत्रा कळा फिरवत सगळे गाव चालवत बसलेला असतो. जेम्स गुडघे टेकतो. शोकान्तिकेच्या तळघरात प्रहसन ठेवण्याची ही रीत काहींना औचित्यभंग वाटेल. आम्हांला ती रॉबिनेटच्या खोलीची थट्टेखोर आठवण वाटते.

अध्यापकापुढे यातून खरी अडचण उभी राहते. जेम्सचे शेवटी काय होते, असे विचारले तर उत्तर काय द्यावे? 'सायलेंट हिल ४' (२००४) मध्ये जेम्सचे वडील फ्रँक संडरलँड येतात. त्यांचा मुलगा व सून सायलेंट हिलमध्ये नाहीसे झाल्याचे त्यात कळते. यावरून तळ्याचा शेवट खरा, असा निष्कर्ष काढणारे पुष्कळ आहेत. पण नाहीसा झालेला माणूस दुसऱ्या गावी लॉरासह राहतही असेल. एका शेवटाला प्रमाण ठरवण्याची ही घाई पाठचिकित्सेच्या सवयीतून येते. येथे पाठभेद नकलाकाराच्या चुकीने पडलेले नाहीत. सगळे मूळ संहितेचेच आहेत.

एक आक्षेप मात्र गंभीर आहे. मार्गदर्शिका छापल्या जातात, आणि चाकू इतक्या वेळा पाहा, जखमी राहा, म्हणजे अमुक शेवट मिळेल, अशी कृती सर्वांना ठाऊक होते. मग जेम्सच्या मनाचा निवाडा पाककृतीसारखा होतो. परीक्षेच्या आदल्या रात्री गाइड उघडणाऱ्या विद्यार्थ्याला कविता जशी भेटते, तसाच हा शेवट मग खेळाडूला भेटतो. हे नुकसान खरे आहे आणि ते भरून येत नाही. 'सायलेंट हिल २'चे नवे रूप ब्लूबर टीम या पोलिश संस्थेने २०२४ साली आणले. त्यात नवे दोन शेवट घातलेले आहेत, पण आपली नोंद होते आहे हे ठाऊक असलेला खेळाडू २००१च्या खेळाडूसारखा अजाण होऊ शकत नाही.

कदाचित म्हणूनच नंतरच्या रचनाकारांनी किल्ली लपवण्यापेक्षा तिची किंमत वाढवली. टोबी फॉक्सच्या 'अंडरटेल'मध्ये (२०१५) एकदा सर्वांची कत्तल करून कथा संपवली, की पुढे कितीही सज्जनपणे खेळा, सुखान्तावर डाग राहतो. योको तारो यांच्या 'निअर'ने (२०१० ) याआधीच दोन पावले टाकली होती. पहिल्या वाचनात नायक मुलीला (जपानमधील एका आवृत्तीत बहिणीला) वाचवण्यासाठी छायारूपी राक्षस मारत जातो. त्यांचे बोलणे म्हणजे नुसती गुरगुर. दुसऱ्या फेरीत प्रसंग तेच, हल्ले तेच, पण आता त्या गुरगुरीचा अर्थ उमगतो, आणि आपण कोणाला मारत होतो ते कळते. दडवलेला प्रसंग येथे कोणत्याही दाराआड नव्हता. तो आपल्या डोळ्यांसमोर घडून गेला होता, फक्त भाषा कळत नव्हती.

आणि चौथा शेवट. मैत्रीण काइने हिला जगवायचे तर नायकाने आपले अस्तित्वच पुसून टाकायचे. खेळ हे शब्दशः घेतो. संमती दिली की खेळाडूची जतन केलेली सारी नोंद त्याच्या डोळ्यांदेखत एकेक करून पुसली जाते, आणि नव्याने खेळ सुरू करताना ते जुने नाव पुन्हा देता येत नाही. २०२१च्या नव्या आवृत्तीत योको तारो यांनी आणखी एक शेवट जोडला. नोंद पुसल्यावरही जो दुसऱ्या नावाने पुन्हा आरंभ करतो आणि कथेत बराच पुढे जातो, त्याच्यासाठी ती एका वळणावर काइनेच्या हाती जाते. काय हरवले आहे हे तिला आठवत नाही, काहीतरी हरवले आहे एवढेच आठवते. तिची वाट शेवटापर्यंत चालली, की पुसलेली नोंद परत मिळते.