वसईच्या पडक्या शहरांतून पायीं फेरी

आपल्या लोकांच्या तोंडीं 'वसईचा किल्ला' हे शब्द बसून गेले आहेत. परंतु ज्यास आपण किल्ला म्हणतों तें खरें पाहतां एक तटबंद शहर होतें. त्यांत रस्ते होते, चौक होता, रुग्णालय होतें, विद्यालय होतें, श्रीमंतांचे वाडे होते, आणि एकमेकांपासून हांकेच्या अंतरावर अनेक ख्रिस्तमंदिरें होतीं. सुमारें ११० एकरांची ही जागा. तटाचा घेर सुमारें दीड मैल. सावकाश, थांबत थांबत चालणाऱ्यास हें सर्व तीन तासांत पाहून होतें. धर्मग्रामांतील तरुण मंडळीस हिंवाळ्यांत एकदां तरी ही फेरी घडवावी असा आमचा परिपाठ आहे. महोत्सवाच्या या पुस्तिकेसाठीं कांहीं लिहावें असा संपादक मंडळींनीं आग्रह धरिल्यावरून, जी फेरी आम्ही पायांनीं करितों तीच येथें लेखणीनें करावी असें ठरविलें.

गेल्या खेपेस मंडळीच्या हौसेखातर आम्हीं एक वाटाड्याहि बरोबर घेतला होता. गृहस्थ बोलका व सज्जन. परंतु त्याच्या पोतडींत भुयारें फार. प्रत्येक बुरुजाखालून एक भुयार निघे, आणि प्रत्येक भुयाराच्या शेवटीं मोहरांचा हंडा असे. एक भुयार तर खाडीच्या तळाखालून थेट घोडबंदरास जाऊन पोहोंचलें! अशा कथांनीं मुलें रमतात, आणि त्यांत मोठें पाप आहे असें आम्हांस वाटत नाहीं. परंतु पुढें त्यानें एक वाक्य असें उच्चारिलें कीं त्याचें उत्तर येथें दिल्यावांचून राहवत नाहीं. तें त्याच्या ठिकाणीं सांगूं.

फेरीस आरंभ जमिनीकडील दरवाजापासून करावा. पोर्तुगीज भाषेंत यास 'पोर्ता द तेरा' म्हणत. शहराच्या तीन बाजूंस समुद्र, खाडी व दलदल असल्यामुळें शत्रूचें भय काय तें याच बाजूनें. म्हणून येथें एकाआड एक दोन दरवाजे असून मधली वाट मुद्दाम वांकडी ठेविलेली आहे, जेणेंकरून घोडेस्वारांस सरळ मुसंडी मारतां येऊं नये. गुजरातचा सुलतान बहादूरशहा यानें, हुमायून बादशहाच्या धाकानें पोर्तुगिजांचें साहाय्य मिळावें म्हणून, २३ डिसेंबर १५३४ रोजीं तह करून वसई व तिच्या ताब्यांतील मुलूख गव्हर्नर नुनो द कुन्हा यास दिला. त्या मुलखांत साष्टी होती, तशींच मुंबईचीं बेटेंहि होतीं. आज आपण ज्या मुंबईचे शेजारी म्हणून ओळखले जातों, ती त्या काळीं वसईची ताबेदार होती, हें मुंबईकर पाहुण्यांस सांगितलें म्हणजे त्यांची मोठी गंमत होते.

तट कोठें कोठें तीस फुटांहून अधिक उंच आहे. त्याच्या सावलींतून चालतांना आम्ही मंडळीस नेहमीं एक प्रश्न विचारतों: हा तट कोणीं बांधला? उत्तर ठरलेलें असतें, 'पोर्तुगिजांनीं.' हुकूम व पैसा त्यांचा, हें खरें. परंतु दगड फोडणारे, चुना भाजणारे व डोक्यावर पाट्या वाहणारे लोक कांहीं लिस्बनहून आले नव्हते. ते याच प्रांतांतले होते. येथील काळ्या दगडाची कीर्ति एवढी होती कीं, जुन्या गोव्यांतील बॉं जेझूच्या प्रसिद्ध मंदिराच्या दर्शनी भागासाठीं तो जहाजांतून नेण्यांत आला. शिलालेखांत मात्र कप्तानांचीं व सरदारांचीं नांवें सांपडतात. पाथरवटाचें नांव कोरण्याची चाल नव्हती.

बरें, ज्यांनीं हें शहर उभारिलें त्यांस त्यांत जागा किती होती? इंग्रज वैद्य जॉन फ्रायर यानें १६७५ सालीं हें शहर पाहिलें. ख्रिस्ती मनुष्यावांचून इतरांनीं रात्रीं तटाच्या आंत राहावयाचें नाहीं, व्यापारी वाण्यांनीं संध्याकाळीं बाहेर पडावयाचें, असा निर्बंध त्याच्या दृष्टीस पडला. आंतील मोठमोठे वाडे फिदाल्गोंचे, म्हणजे पोर्तुगीज सरदारांचे. आपले पूर्वज, ते वाडीवरचे शेतकरी असोत, माळी असोत कीं कोळी असोत, ख्रिस्ती झाले तरी त्यांचीं घरें बाहेरच राहिलीं: पापडी, सांडोर, रमेदी, नंदाखाल, निर्मळ, आगाशी या गांवीं. त्यांचीं ख्रिस्तमंदिरेंहि तेथेंच. फ्रायर येण्याच्या एक वर्ष आधीं, १६७४ सालीं, मस्कतहून आलेले सुमारें ६०० अरब चांचे येथें उतरले. त्यांनीं तटाबाहेरील मंदिरें लुटलीं व लोकांचे अनन्वित हाल केले. शिबंदी तटाच्या आंत बसून राहिली. दरवाजे उघडले गेले नाहींत. ज्यांनीं तटाचे दगड वाहिले त्यांच्या कामीं तो तट पडला नाहीं, ही गोष्ट बुरुजावर उभे राहून समुद्राकडे पाहतांना आम्हांस प्रत्येक वेळीं आठवते.

येथून जेजुइटांच्या मंदिराकडे वळावें. संत फ्रान्सिस झेवियर १५४४ व १५४८ या वर्षीं वसईस येऊन गेले. त्यांच्या सोसायटीनें लौकरच येथें विद्यालय व प्रभु येशूच्या पवित्र नामाचें मंदिर स्थापिलें. त्याची दर्शनी भिंत आजहि डोळे निववणारी आहे. जोडखांब, कमान, आणि वर येशूनामाचीं अक्षरें. सर्व शहरांत कारागिराचा हात पाहावयाचा असेल तर येथें पाहावा. याच विद्यालयांत वसईंत जन्मलेला एक मुलगा शिकला. परंपरा अशी कीं त्याचा बाप पोर्तुगीज शिपाई व आई येथलीच होती. पाद्रींबरोबर तो लहान वयांत जपानास गेला, तेथील भाषा शिकला, कांहीं काळ व्यापार केला, मग मनीला येथें फ्रान्सिस्कन संघांत साधा बंधु म्हणून दाखल झाला आणि दुभाषी होऊन पुन्हां जपानांत आला. ५ फेब्रुवारी १५९७ रोजीं नागासाकी येथें पंचवीस सोबत्यांसह त्यास क्रुसावर ठार मारण्यांत आलें. १८६२ सालीं पोप नववे पायस यांनीं त्यास संतपद दिलें. हाच आपला संत गोन्सालो गार्सिया. भारतांत जन्मलेल्यांपैकीं संतपदास पोहोंचलेला हा पहिला. मंदिराचा पुढें जीर्णोद्धार झाला असून संताचा सण तेथें साजरा होतो, त्यामुळें सगळ्या पडक्या शहरांत जिवंत प्रार्थना ऐकूं येते ती येथें. तटाच्या आंतील असंख्य सरदारांपैकीं एकाचेंहि नांव आपल्या मुलांस ठेवण्यांत येत नाहीं. गोन्सालोचें ठेवण्यांत येतें.

जवळच फ्रान्सिस्कनांचें संत अंतोनीचें मंदिर आहे. छप्पर केव्हांच गेलें. कमानी तेवढ्या राहिल्या आहेत. फरशीवर सोळाव्या-सतराव्या शतकांतील थडग्यांचे दगड बसविलेले असून त्यांवर कुळांचीं चिन्हें व पोर्तुगीज लेख आहेत. पावसानें व पावलांनीं अक्षरें झिजत चाललीं आहेत. अलीकडे छायाचित्रें काढण्यासाठीं लोक त्यांवर बसतात, उड्या मारतात. हीं थडगीं आपल्या आजापणजांचीं नव्हेत, हें आम्ही वर सांगितलेंच. तथापि मेलेल्या माणसाच्या छातीवर पाय देऊन हंसत उभें राहणें आपल्या मंडळीस शोभत नाहीं, आणि आम्ही तें करूं देत नाहीं.

या मंदिरापाशीं एक कडू गोष्टहि बोलली पाहिजे. सोळाव्या शतकाच्या मध्यास फ्राय अंतोनियो दो पोर्तो नांवाच्या फ्रान्सिस्कन साधूनें या प्रांतांत पुष्कळ ख्रिस्तमंदिरें उभारिलीं, अनाथ मुलांस जवळ केलें. परंतु त्याच काळांत हिंदूंचीं देवळेंहि पाडण्यांत आलीं. बोरीवलीजवळ मंडपेश्वरच्या प्राचीन शैव लेण्यांत ख्रिस्ती प्रार्थनास्थान करण्यांत आलें, हें तर आजहि जाऊन पाहतां येतें. सत्तेच्या जोरावर धर्म पसरविण्याच्या या रीतीचें मंडन आम्ही करणार नाहीं. आपल्यांतील कांहीं मंडळी या भागाविषयीं बोलूं नये असें म्हणतात. आमचें मत उलट आहे. जी गोष्ट शेजारच्या आळींतील प्रत्येक मुलास ठाऊक आहे, ती आपल्या मुलांनीं प्रथम दुसऱ्याच्या तोंडून ऐकावी, यांत कोणता लाभ? गंगाजी नाईक अणजूरकरांसारख्यांनीं पेशव्यांकडे धांव घेतली ती उगीच नव्हे.

बालेकिल्ल्याच्या दारावर पोर्तुगालचें राजचिन्ह, क्रूस व खगोलाची आकृति अजून दिसते. येथें उभें राहून १७३९ ची हकीकत सांगावी. १७३७ सालीं ठाणें व साष्टी मराठ्यांच्या हातीं गेलीं. १७३९ च्या फेब्रुवारींत चिमाजी अप्पानें वसईस वेढा घातला. राणोजी शिंदे व मल्हारराव होळकर येऊन मिळाले. सुरुंग लावून सां सेबास्तियन बुरूज फोडण्यांत आला. खिंडारांतून हल्ल्यावर हल्ले झाले. मराठ्यांचीं हजारों माणसें पडलीं, आंतील सेनापति सिल्व्हेरा मारला गेला. शेवटीं १६ मे रोजीं काएतानो द सौझा पेरेरा यानें शरणागतीच्या अटींवर सही केली. त्या अटी मानीव शत्रूस शोभतील अशा होत्या. शिबंदीनें हत्यारांसह, नगारे वाजवीत, निशाणें फडकावीत बाहेर पडावें. रहिवाशांनीं आपली चीजवस्त न्यावी. ज्यांस राहावयाचें असेल त्यांनीं राहावें. आठ दिवसांत फिदाल्गो व संघांचे साधु जहाजांत बसून निघून गेले. बालेकिल्ल्याच्या आसपास आज नागेश्वराचें देऊळ आहे, वज्रेश्वरीचेंहि आहे, आणि अप्पांचा पुतळाहि उभारलेला आहे.

आतां संत जोसेफच्या मंदिराकडे. हें शहराचें मुख्य मंदिर. १५४६ सालीं बांधलेलें, व आर्चबिशप आलेइशो द मेनेझिस यांच्या कारकीर्दींत १६०१ सालीं पुन्हां उभारलेलें. याचा उंच बुरूज खाडींतून येणाऱ्या होड्यांस लांबून दिसतो. येथेंच आमच्या वाटाड्यानें तें वाक्य उच्चारिलें. हात पसरून तो म्हणाला, "आणि १७३९ मध्यें पोर्तुगीज गेले, तेव्हां येथले ख्रिस्ती लोकहि त्यांच्याबरोबर गेले."

त्याच्यासमोर आमच्या धर्मग्रामांतील तीस-पस्तीस माणसें उभीं होतीं. क्षणभर कोणी बोललें नाहीं. मग मागच्या बाजूनें एका वृद्ध बाईनें विचारलें, "बाबा, मग आम्ही कोण रे?" वाटाड्या बिचारा ओशाळला. त्यानें हें कोठें तरी वाचलें असेल. त्याचा दोष आम्ही मानीत नाहीं. परंतु हा समज त्या एकट्याचा नाहीं.

घडलें तें असें. गेले ते तटाच्या आंतले. बाहेरचे कोठें जाणार? भाताचीं खाचरें, पानवेली, केळीच्या बागा, विहिरीवरचा रहाट आणि कांठावरचीं जाळीं जहाजांत घालून नेतां येत नाहींत. परदेशी साधु गेल्यावर कांहीं कुटुंबें पूर्वधर्मांत परत गेलीं, हेंहि खरें. परंतु बहुसंख्य राहिलीं, आणि त्यांचा सांभाळ देशी धर्मगुरूंनीं केला. त्यांच्यापाशीं ना राजाश्रय होता, ना खजिना, ना तोफा. मराठी राज्यांत, मराठी बोलणाऱ्या शेजाऱ्यांत, कोणत्याहि सत्तेच्या सावलीवांचून या लोकांनीं आपला धर्म पाळला. लग्नांत पूर्वजांचीं गाणीं व अंगावर लुगडें ठेविलें, आणि ख्रिस्तमंदिरास देऊळच म्हटलें. रमेदीच्या नांवांत पोर्तुगीज 'रेमेदियुश' लपलेला आहे, पण तें उच्चारणारी जीभ येथलीच. १९९८ सालीं वसई हा स्वतंत्र धर्मप्रांत झाला. 'तुम्ही पोर्तुगिजांचे' असें कोणी म्हटलें, तर पोर्तुगीज गेल्यानंतर २५० हून अधिक वर्षें हें झाड कोणाच्या पाण्यावर वाढलें, एवढेंच आपण विचारावें.

यापुढील इतिहास शहराच्या दृष्टीनें थोडका आहे. १७८० सालीं इंग्रज सेनापति गॉडर्डनें किल्ला घेतला, सालबाईच्या तहानें परत दिला. ३१ डिसेंबर १८०२ रोजीं दुसऱ्या बाजीरावानें येथें इंग्रजांशीं तह करून मराठी राज्याचा गळा आपल्या हातानें आंवळला. मग गवत वाढलें, वडपिंपळ भिंतींत शिरले. १८७६ सालीं डॉक्टर गेर्सन द कुन्हा यांनीं चौल व वसई यांवर ग्रंथ लिहिला. त्या काळीं वाचतां येणारे कित्येक शिलालेख आज केवळ त्या ग्रंथांतच उरले आहेत.

शेवटीं समुद्राकडील दरवाजांतून बाहेर पडावें. समोर किल्लाबंदरचे कोळीबांधव, त्यांच्या होड्या, वाळत घातलेले बोंबील. येथें सावलीस बसून मंडळी शिदोरी सोडते, आणि नेमका घंटांचा विषय निघतो. विजयानंतर वसई प्रांतांतील मंदिरांच्या घंटा मराठे सरदारांनीं घाटावर नेल्या. एक भीमाशंकरास आहे. नाशकास नारोशंकराची घंटा म्हणून जी म्हणींत गेली तीहि तशीच. एक वाईजवळ मेणवलीस, नाना फडणविसांच्या वाड्यामागील कृष्णेच्या घाटावर. त्या परत मागाव्यात असा अर्ज करण्याची टूम आपल्यांतील कांहीं उत्साही तरुणांनीं काढली आहे. आमची त्यास संमति नाहीं. परत आणून त्या टांगावयाच्या कोठें? ज्या मनोऱ्यांतून त्या उतरल्या ते पडले, आणि तेथें आज त्या मुक्या राहतील; घाटावर त्यांस तेल-पाणी मिळतें, लोक त्यांस हात जोडतात. ज्यास वाईस जाण्याचा योग येईल त्यानें मेणवलीस अवश्य जावें. घंटेच्या जवळ गेलें म्हणजे पवित्र मरिया व तिच्या हातांतील बाळ येशू स्पष्ट दिसतात, आणि १७०७ हा आंकडाहि वाचतां येतो.