अमेलियाबाईंचा सफरचंदाचा पाय

करंजीत आपण सारण भरतो, तसं मैद्याच्या जाड पारीत सफरचंद भरून भट्टीत भाजलं की झाला ‘पाय’. पदार्थ मूळचा इंग्लंडचा. तिथल्या १४व्या शतकातल्या कृतीत सफरचंदाबरोबर अंजीर, मनुका, केशर आहे, साखर नाहीच!

अमेरिकेत १७९६ साली हार्टफर्ड गावी अमेलिया सिमन्स या अनाथ बाईंचं पाककृतीचं पुस्तक छापलं गेलं. त्यांचा पाय असा: सफरचंद शिजवून गाळायचं, लिंबाची किसलेली साल, दालचिनी, जायपत्री, गुलाबपाणी नि चवीपुरती साखर घालून पारीत भाजायचं. गुलाबपाणी आम्हाला जरा जास्तच वाटलं.

पण बाईंना छापण्याजोगं लिहिता येत नव्हतं. लिहायला ठेवलेल्या माणसानं त्यांना न विचारता जिनसा गाळल्या, भलत्याच घुसवल्या. आमच्या गटाची वही सुरुवातीला दुसराच लिहायचा, आम्ही नुसते अंगठे द्यायचो. त्यामुळे हे वाचून आम्ही थबकलोच.

बाई गप्प बसल्या नाहीत. ही तक्रार आणि दुरुस्त्या त्यांनी छापूनच पुस्तकाला जोडल्या: तांदळाच्या पुडिंगला लोणी एक पौंड नव्हे, अर्धा, अंडी १४ नव्हेत, ८.