गोधडी कुठे हरवली?

मागच्या डिसेंबरमध्ये मी ऑनलाइन एक जाडजूड कम्फर्टर मागवला. फोटोत एकदम ढगासारखा. पहिल्याच रात्री दोन वाजता घामाने जाग आली. लेबल वाचलं तर कव्हर पॉलिस्टर आणि आतलं भरणही पॉलिस्टर. गावी आजीच्या गोधडीत मात्र मी सकाळपर्यंत गाढ झोपायचो. मी पडलो इंजिनिअर, बग सापडल्याशिवाय चैन पडत नाही. हा बग निघाला तीनशे वर्षं जुना.

आधी गोधडी बघू. काही भागांत तिला वाकळ म्हणतात. जुनी नऊवारी, विरलेलं धोतर, असे थर एकावर एक टाकायचे आणि वरून धावदोरा घालायचा. खरी ऊब देते ती थरांमध्ये अडकलेली हवा. सूत घाम शोषून घेतं, म्हणून ऊब मिळते पण चिकचिक होत नाही. गोधडी हे गरिबाचं पांघरूण, हे खरंच. चिंध्यांची गोधडी पांघरणाऱ्या गाडगेबाबांना लोक गोधडे महाराजही म्हणायचे.

आता थोडं युरोपात जाऊ. सतराव्या शतकात तिथल्या व्यापारी कंपन्या भारतातलं छापील सुती कापड जहाजं भरभरून नेत होत्या. कालिकत बंदरावरून त्याला ‘कॅलिको’ नाव पडलं. आपली छींट तिकडे ‘चिंट्झ’ झाली. हलकं कापड, धुतलं तरी न जाणारा रंग! लोकांनी त्याचे पडदे केले, पलंगपोस केले, रजया शिवल्या, कपडे शिवले. लोकर आणि रेशीम विणणारे तिकडचे कारागीर भडकले. फ्रान्सने १६८६ मध्ये बंदी घातली. इंग्लंडने १७०० मध्ये आयात रोखणारा कायदा केला, आणि १७२१ च्या कायद्याने तर बहुतेक छापील सुती कापड कपड्यांत आणि घरसामानात वापरणंच गुन्हा ठरवलं. म्हणजे पलंगावर छापील सुती रजई टाकली तरी दंड!

१७७४ मध्ये इंग्लंडने ही बंदी उठवली. तोवर इंग्रज स्वतःच छपाई शिकले होते, आणि पुढे यंत्रांच्या जोरावर त्यांचंच कापड आपल्या बाजारात आलं. मँचेस्टरमध्ये ‘कॅलिको प्रिंटर्स असोसिएशन’ नावाची मोठी कंपनी उभी राहिली. १९४१ मध्ये याच कंपनीच्या व्हिनफील्ड आणि डिक्सन या दोन रसायनतज्ज्ञांनी पॉलिस्टरचा धागा शोधला. त्याचं नाव टेरिलीन. बघा ना, कालिकतचं नाव मिरवणाऱ्या कंपनीतूनच सुताचा प्रतिस्पर्धी जन्माला आला.

टेरिलीन, टेरीकॉट आपल्याकडेही आलं आणि साड्या बदलल्या. इस्त्री नको, पटकन वाळतात, वर्षानुवर्षं टिकतात. शेतात आणि घरात राबणाऱ्या बायकांना त्या आवडल्या, यात त्यांचं काय चुकलं? पण कापूस वजनाच्या सुमारे ८ टक्के ओलावा सहज धरतो, पॉलिस्टर अर्धा टक्काही धरत नाही. गोधडी शिवणारे हात होते, पण गोधडीचा कच्चा माल संपत गेला.

मग पांघरूण घेताना काय बघायचं? जाडी आणि फोटो नंतर, लेबल आधी. कव्हर आणि भरण, दोन्हींचं वेगवेगळं वाचा. आपल्या हवेत सुती कव्हर आणि पातळ सुती भरण बहुतेकांना पुरतं. जास्त थंडी पडली तर दोन पातळ पांघरुणं एकावर एक घ्या, मधली हवा आपलं काम करते.

हे सगळं वाचत असतानाच आईचा फोन आला. आजीच्या साड्यांचं गाठोडं ती बोहारणीला देणार होती. म्हटलं, “आई, थांब, मी शनिवारी येतोय.” गेलो, गाठोडं सोडलं. अकरा साड्या होत्या, त्यातल्या सुती फक्त चार. शेजारच्या काकू म्हणाल्या, “चारात एक होईल रे बाळा, पण दोरा तू ओवून द्यायचास. मला आता दिसत नाही.”

मंडळी, तुमच्या घरचं गाठोडं बोहारणीकडे जायच्या आधी एकदा सोडून बघा. भेटू पुढच्या एपिसोडमध्ये!