हसतो कोण, हसे कोणाचे?

तुळजापूरला गोंधळ नवा नाही. संबळ-तुणतुण्याच्या साथीने नायक कथा सांगतो आणि साथीदार मध्येच तिरकस प्रश्न टाकून हशा पिकवतो. तमाशात हेच काम सोंगाड्याचे. आज ते टीव्हीवरच्या स्किटकडे आले आहे. म्हणून समाज बदलत असताना विनोद काय करू शकतो, हे शोधायला आम्हाला परदेशात जावे लागत नाही. आंबेडकरी जलशाचा इतिहास पुरेसा आहे.

जलशाआधी काय होते? बोर्डावर महार, मांग, कोल्हाटी कलावंत आणि समोर दौलतजादा करणारे पाटील-सावकार. हसवणारे आम्ही आणि पुष्कळदा हसेही आमचेच.

१९२७ ला महाड झाले, १९३० ला काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. याच धामधुमीत नाशिककडे भीमराव कर्डक यांनी जलसा उभा केला. साचा तमाशाचा ठेवला, पण आशय पालटला. गणात बाबासाहेब आले. गवळणीतली छेडछाड जाऊन शिक्षण आले. फार्समध्ये भटजी आणि सावकार उघडे पडले. हशाचे तोंड फिरले, ते वर वळले.

तुळजापूर तेव्हा निजामाच्या राज्यात होते. शेजारच्या कसबे तडवळे येथे २२-२३ फेब्रुवारी १९४१ ला बाबासाहेबांच्या उपस्थितीत महार-मांग वतनदार परिषद झाली. वतन म्हणजे मान नव्हे, वेठ आहे, हे लोकांना पटवायचे होते. अशा परिषदांचा विचार निरक्षर वस्तीपर्यंत नेण्याचे काम गावोगावचे जलसे करत.

२ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झाले. पुढे 'गजरा' आला, आणि २०१४ ला, सत्तांतराच्याच वर्षी, 'चला हवा येऊ द्या'. साडी नेसलेला पुरुष टीव्हीवर दिसतो म्हणून आमचा आक्षेप नाही. जलशातही बायकांची कामे पुरुषच करत. आक्षेप वेगळा आहे. काळा रंग, जाड शरीर, गावाकडची बोली यांवर हशा मिळतो. जातीवर बोलायची वेळ आली की स्किट संपते. नेत्याच्या आवाजाची नक्कल होते, त्याच्या धोरणाची चिरफाड होत नाही. सत्तेला असला विनोद गोडच वाटणार.

तरुण मित्रांनो, हसा, पण हसताना एवढे तपासा की फटका वर बसतोय की खाली? कर्डकांकडे ना वाहिनी होती, ना कॅमेरा. तुमच्या खिशात मोबाईल आहे. मग आजचा जलसा कोण लिहिणार?

जय भीम!