सुरकुतलेल्या सफरचंदाचे डोंगर

माणूस अवकाशात राहायला गेल्यावर तिथला चित्रकार काय रंगवील, याचं जगाला ठाऊक असलेलं उत्तर म्हणजे ‘टायटनवरून दिसणारा शनी’. निळंशार आकाश, दोन्ही बाजूंना ताठ उभे कडे, पायथ्याशी बर्फ आणि मधोमध भलामोठा शनी; टायटन हा त्याचाच एक चंद्र. चित्र पाहून वाटतं, कुणीतरी तिथे तिवई ठोकून बसलं होतं. प्रत्यक्षात चित्रकार चेस्ली बॉनेस्टेल यांनी ते अमेरिकेत बसून रंगवलं आणि ‘लाइफ’ साप्ताहिकानं २९ मे १९४४ च्या अंकात छापलं. तेव्हा बॉनेस्टेल ५६ वर्षांचे होते.

त्यांचं चरित्र एका दमात सांगून टाकतो. १९०५ मध्ये लिक वेधशाळेतून शनी पाहिला, घरी येऊन रंगवला. ते चित्र पुढच्याच वर्षी सान फ्रान्सिस्कोच्या भूकंपानंतरच्या आगीत जळालं. मग वास्तुकला, क्रायस्लर बिल्डिंग, हॉलिवूडमध्ये ‘सिटिझन केन’सारख्या चित्रपटांसाठी पार्श्वभूमी रंगवण्याचं काम, आणि १९५२ पासून ‘कोलियर्स’ साप्ताहिकात रॉकेटतज्ज्ञ फॉन ब्राउनची अवकाशयानं.

मला छळतात ते त्या चित्रातले कडे. ते आले कुठून?

आकाशाचा उगम सोपा आहे. १९४३-४४ च्या हिवाळ्यात खगोलशास्त्रज्ञ जेरार्ड कायपर यांना टायटनवर मिथेन सापडला. वातावरण आहे म्हटल्यावर आकाश निळं. शनी केवढा दिसेल हा भूमितीचा भाग, आणि कॅमेऱ्याच्या कोनांत हयात घालवलेल्या माणसाला ती भूमिती हातचा मळ. कड्यांचं मात्र कुठलंच गणित नव्हतं.

नेहमीचं स्पष्टीकरण असं की, परक्या जगावर हवा नाही, पाऊस नाही, झीज नाही, म्हणून सुळके धारदार राहतात. चंद्रापुरतं हे त्या काळी पटण्यासारखं होतं. पण याच चित्रात वर निळं आकाश आहे की! हवा रंगवली म्हणजे वारा आला, वारा आला म्हणजे झीज आली. तरी खालचे सुळके सुईसारखे. एकाच कॅनव्हासवर आकाश भौतिकशास्त्रानं रंगवलंय आणि जमीन सवयीनं.

दुसरा पक्ष म्हणतो, माणूस कॅलिफोर्नियाचा, त्यानं तिथली योसेमिटीची दरी उचलून टायटनवर ठेवली. उभ्या भिंतींपुरतं मी हे मान्य करतो. पण योसेमिटीची ओळख जितकी कड्यांची तितकीच गोल घुमटांची. तिथूनच सगळं आलं असतं तर एखादा घुमट टायटनवर उतरलाच असता. १९३९ च्या ‘हंचबॅक ऑफ नोत्र दाम’साठी त्यांनी पॅरिसचं कॅथीड्रल रंगवलं होतं, त्याचेच मनोरे इथे डोंगर झाले, अशीही एक मजेशीर कल्पना मनात येते. मोह होतो, पण सोडून देतो.

माझं बोट वेगळ्याच माणसाकडे आहे. जेम्स नॅस्मिथ: स्कॉटिश इंजिनिअर, वाफेवर चालणाऱ्या घणासाठी प्रसिद्ध. १८५६ मध्ये ४८ व्या वर्षी कारखान्यातून निवृत्त झाला आणि चंद्राच्या मागे लागला. त्या काळच्या कॅमेऱ्याला दुर्बिणीतून बारकावे टिपता येत नव्हते. म्हणून हा गडी दुर्बिणीतून पाहून रेखाटनं करायचा, त्यांवरून प्लास्टरचे नमुने घडवायचा, ते तिरप्या उन्हात ठेवायचा आणि त्यांचे फोटो काढायचा. १८७४ मध्ये ग्रीनिच वेधशाळेच्या जेम्स कार्पेंटरबरोबर त्यानं चंद्रावरचं पुस्तक काढलं. त्यात दोन फोटो आहेत: एक म्हाताऱ्या हाताचा सुरकुतलेला पंजा आणि एक वाळलेलं सफरचंद. चंद्राचा गाभा आकसला, साल सैल पडली, घड्या उभ्या राहिल्या, तेच डोंगर, असा त्याचा सिद्धान्त.

सिद्धान्त चुकला, फोटो टिकले. आणि फोटोंत सुळके का? कारण नॅस्मिथनं पाहिल्या होत्या सावल्या. सूर्य कलला की अंगणातल्या गोल खड्याचीही सावली भाल्यासारखी पडते. चंद्रावर दिवस-रात्रीच्या सीमेवर हेच घडतं. सावली टोकदार म्हणून डोंगरही टोकदार, असं त्यानं धरलं आणि प्लास्टरमध्ये ओतलं.

प्लास्टरची ही युक्ती पुढे लीड्सच्या स्क्रिव्हन बोल्टननं उचलली. नमुना करायचा, फोटो काढायचा, वर तारे रंगवायचे. त्याची चित्रं ‘इलस्ट्रेटेड लंडन न्यूज’मध्ये यायची, आणि १९२० च्या दशकात लंडनमध्ये त्याच साप्ताहिकासाठी बॉनेस्टेल काम करत होते. दोघांची भेट झाली असो वा नसो, एकाची पानं दुसऱ्याच्या नजरेतून सुटली असतील हे मला अशक्य वाटतं. पुढे बॉनेस्टेलही नमुने करून, त्यांचे फोटो काढून त्यांवर रंगवू लागले. पद्धत वारशानं आली तशी सुळक्यांची खोडही आली, एवढंच माझं म्हणणं.

वेगळा मार्ग उपलब्ध होता, हे विशेष. नॉर्मंडीतला खगोलचित्रकार ल्युसियँ रुदो सावल्यांच्या नादी लागला नाही. त्यानं चंद्राची कड पाहिली. तिथे डोंगराची आकृती थेट आकाशावर उमटते, आणि ती निघाली गोलसर. १९३७ च्या पुस्तकात त्यानं तसेच बुटके, झिजलेले डोंगर रंगवले. बॉनेस्टेलच्या सात वर्षं आधी! पण बुटक्या टेकड्यांना साप्ताहिकाची मधली पानं कोण देणार?

१९७१ मध्ये अपोलो १५ चंद्रावरच्या हॅडली पर्वताशी उतरलं. पर्वत उंच, पण माथा गोल. २००५ च्या १४ जानेवारीला हायगेन्स यान टायटनवर टेकलं: नारिंगी धुकं, घासून गोल झालेले बर्फाचे गोटे, आणि शनीचा पत्ता नाही. बॉनेस्टेल यांनी बोस्टनच्या विज्ञान संग्रहालयासाठी केलेलं चंद्राचं भव्य भित्तिचित्र तर १९७० मध्येच, चुकीचं ठरलं म्हणून, उतरवण्यात आलं होतं. पुढे ते स्मिथसोनियनकडे गेलं.

नॅस्मिथचं पुस्तक आज इंटरनेटवर फुकट पाहता येतं. आधी त्यातला पंजा आणि सफरचंद पाहा, मग टायटनचं चित्र उघडा, आणि माझं म्हणणं पटतं का ते तुम्हीच ठरवा.