कुंभाराच्या वेषातला शाहीर

मागे एकदा चिखलीत, चहाच्या टपरीवर ओळखीतलेच एक काका हसत हसत म्हणाले, "तुमच्यात पोरं फार." मीही हसलो. घरी येताना मात्र डोक्यात 'प्रपंच' घोळत होता.

'प्रपंच' हा १९६१चा मराठी चित्रपट. कथा ग. दि. माडगूळकरांची, दिग्दर्शन मधुकर पाठक यांचं. एक गरीब कुंभार, त्याची बायको, घरभर पोरं आणि डोक्यावर कर्ज. कुंभार गेल्यावर हा सगळा भार धाकट्या भावावर येतो. सरकारने कुटुंब नियोजनाचा कार्यक्रम १९५२मध्ये सुरू केला होता, तोच विषय गदिमांनी मातीच्या घरात आणून ठेवला. बायको सुलोचनाबाई, भाऊ श्रीकांत मोघे. आणि कुंभार? शाहीर अमर शेख.

बार्शीचे मेहबूब हुसेन पटेल, जन्म १९१६चा. गिरणीत राबलेले, लाल झेंड्याखाली वाढलेले. अण्णाभाऊ साठे आणि द. ना. गवाणकर यांच्याबरोबर त्यांनी लाल बावटा कलापथक उभं केलं. संयुक्त महाराष्ट्राच्या सभांना त्यांच्या आवाजानेच गर्दी व्हायची. मुंबईसह महाराष्ट्र झाला १९६०मध्ये आणि दुसऱ्याच वर्षी हा गडी पडद्यावर विठ्ठलाच्या मुलखातला कुंभार झाला. तो पहाडी आवाज ज्याने ऐकलाय, त्याला हे पिचलेलं माणूस बघताना जरा चुकल्यासारखं होतं. मला तरी झालं.

सुधीर फडक्यांचं, कुंभाराच्या चाकावरून थेट विठ्ठलाला प्रश्न विचारणारं गाणं आजही सगळ्यांना पाठ आहे. आमच्या टाळगाव चिखलीत, तुकोबांच्या टाळाची आठवण सांगणाऱ्या गावात, ते भजनी मंडळीही आवडीने गुणगुणतात. ते ज्या चित्रपटातलं आहे, त्याचं नाव मात्र विचाराल तर दहातले नऊ गप्प बसतील. राष्ट्रीय पुरस्कारांत दखल घेतली गेलेला चित्रपट, पण 'श्यामची आई'सारखा घरोघरी राहिला नाही.

जास्त पोरं म्हणजे जास्त हाल, हे मराठी माणसाला सांगायला गदिमांना कुठल्या जमातीकडे बोट दाखवावं लागलं नाही. हाल गरिबाचे होते. आणि तो गरीब हिंदू कुंभार उभा केला एका मुसलमानाने.

अमर शेख १९६९च्या ऑगस्टमध्ये अपघातात गेले. काकांना 'प्रपंच' दाखवायचं मी कबूल केलंय. त्यांनी आधीच विचारलं, "गाणं ते आपलं चाकाचंच ना?"